पदाला कागद, नावाला घाम

बेटेगावच्या पंचक्रोशीत पूर्वी आषाढात माणूस भेटला की लोक विचारायचे, ‘आवणी उरकली का?’ आता विचारतात, ‘तारीख कधीची पडलीय?’ त्यात कुणाचा दोष नाही. पश्चिमेला तारापूरची एमआयडीसी, तिच्यापलीकडे समुद्राकाठी अणुवीज केंद्र, रेल्वेच्या बाजूने मालगाड्यांची वेगळी लाइन, शेतांतून बुलेट ट्रेनचे खांब आणि पूर्वेकडून बडोद्याला निघालेला द्रुतगती महामार्ग. एवढा विकास ज्या पट्ट्यातून आरपार जातो तिथे घरटी एक सातबारा, घरटी एक मोजणीचा नकाशा आणि दोन घरांत मिळून एक वकील असणारच. पोफरण-अक्करपट्टीचे लोक अणुप्रकल्पासाठी उठले आणि पुनर्वसनासाठी हायकोर्टाची वाट शिकले. मांगेला समाजाची परिषद कारखान्यांच्या सांडपाण्यावरून हरित लवादात गेली. शेजारच्या डहाणूचं पर्यावरण तर सर्वोच्च न्यायालयाने १९९६ साली सरकारच्या भरवशावर न ठेवता वेगळं प्राधिकरण नेमून न्यायमूर्ती चंद्रशेखर धर्माधिकारी यांच्या हाती दिलं.

तेव्हा इथल्या माणसाला कोर्टाचं भय नाही. तो कोर्टात जातो, भांडतो, सरकारविरुद्ध आदेश मिळवतो आणि बोईसर स्टेशनबाहेरून पाव किलो पेढे घेऊन घरी येतो. गडबड इथेच होते. सरकारविरुद्ध आदेश मिळाला तर पेढे घ्यायचे नसतात. ते अवमान याचिकेनंतर. तेही पैसे खात्यात दिसल्यावर.

आमच्या आळीतल्या गुरुजींनी पेढे लवकर वाटले. चोवीस वर्षं सेवा झाल्यावर शिक्षकाला जी निवडश्रेणी मिळते, ती त्यांना निवृत्तीचा नारळ घेईपर्यंत मिळाली नाही. कुठल्या कार्यालयाने दिली नाही, ते सांगत नाही. लेखच अवमानावर आहे, त्यात आपल्या हातून आणखी एक कशाला. गुरुजी हायकोर्टात गेले. न्यायालयाने सांगितलं, याचिकाकर्त्याच्या निवेदनावर आठ आठवड्यांत कायद्यानुसार निर्णय घ्या. गुरुजींनी भिंतीवरच्या कॅलेंडरवर आठवडे मोजले आणि एका तारखेला लाल पेनाने गोल केला. शाळेत असताना मुलांच्या चुकांना करायचे, तोच गोल, तोच पेन.

‘आठ आठवडे कधीपासून मोजलेत?’ भाऊसाहेबांनी विचारलं. भाऊसाहेब महसूल खात्यातून अव्वल कारकून म्हणून निवृत्त झाले आहेत. सरकार आतून कसं चालतं, हे त्यांना पाठ आहे आणि निवृत्तीनंतर ते हे ज्ञान चहाच्या मोबदल्यात वाटतात.

‘आदेशाच्या तारखेपासून,’ गुरुजी म्हणाले.

‘तिथंच चुकलात. कोर्टाचं घड्याळ आदेशापासून चालतं. हापिसाचं घड्याळ कागद आवकला लागल्यापासून. आणि नुसता आवकला लागून भागत नाही. कागद साहेबांकडे जातो. साहेब त्यावर लिहितात, “चर्चा करावी”. कुणी कुणाशी करावी, ते लिहीत नाहीत. तो कागद मग चर्चेची वाट बघत बसतो.’

‘पण कोर्टाचा आदेश आहे, भाऊसाहेब.’

‘म्हणून तर चर्चा. साधा अर्ज असता तर नुसता दप्तरी दाखल झाला असता.’

पुढचा प्रवास भाऊसाहेबांनी बोटांवर मोजून सांगितला. चर्चेनंतर शाखेने टिपणी ठेवायची. टिपणीत शेवटी लिहायचं, ‘सदर आदेशाविरुद्ध अपील करावे किंवा कसे, याबाबत मार्गदर्शन व्हावे.’ हे ‘किंवा कसे’ ज्याने पहिल्यांदा लिहिलं, त्याचा पुतळा मंत्रालयासमोर हवा होता, असं माझं मत आहे. मग सरकारी वकिलांचा अभिप्राय, मग वरिष्ठ कार्यालय, मग विधी व न्याय विभाग. पैशाचा प्रश्न असेल तर वित्त विभाग. वित्त विभाग एक साधा प्रश्न विचारून फाइल परत पाठवतो आणि ती आली तशी पायरी-पायरीने खाली उतरते. मधल्या कुणाला तरी आदेशाची प्रत सुवाच्य दिसत नाही. हल्ली प्रत संकेतस्थळावरून थेट छापली जाते, अक्षर न् अक्षर स्वच्छ. पण सुवाच्य नसण्याचा हक्क अजून कुणी काढून घेतलेला नाही.

गुरुजींना मात्र सातव्या आठवड्यात उत्तर आलं. भाऊसाहेबांचाही अंदाज चुकला म्हणून आम्ही खूश झालो. पाकीट फोडलं. मोठा मायना, सहा संदर्भ, आणि खाली एक वाक्य: आपले निवेदन विचारात घेतले असता ते मान्य करता येत नाही.

‘बरोबर आहे,’ भाऊसाहेब म्हणाले. ‘कोर्टाने निर्णय घ्या म्हटलं होतं. घेतला. पैसे द्या कुठं म्हटलं होतं?’

गुरुजी पुन्हा हायकोर्टात गेले. या वेळी न्यायालयाने आकडेमोड करून स्पष्ट सांगितलं, द्या. पुन्हा आठ आठवडे. या वेळी कार्यालयाकडून काहीच आलं नाही. नकार कळवण्यापुरतासुद्धा कुणाचा हात हलला नाही. वकील बाईंनी विचारलं, ‘आता अवमान याचिका टाकायची का?’ गुरुजी दोन रात्री झोपले नाहीत. आपल्यामुळे कुणी साहेब तुरुंगात गेला तर, ही त्यांना काळजी. भाऊसाहेबांना हसू आवरेना.

तुरुंगाचं खरं म्हणजे असं आहे. न्यायालयाचा अवमान अधिनियम १९७१ सालचा. त्याच्या बाराव्या कलमात शिक्षा लिहिली आहे: जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद, किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. १९७१ साली दोन हजारांत आठ-दहा तोळे सोनं यायचं, तेव्हा तो दंड होता. नंतर सोनं कुठच्या कुठे गेलं. मध्यंतरी दोन हजारांची गुलाबी नोट आली, साडेसहा वर्षं फिरली आणि २०२३ मध्ये माघारी बोलावली गेली. दोन हजारांचा दंड मात्र जिथे होता तिथेच आहे. आज तेवढ्यात वकिलाचा कारकून झेरॉक्स आणि बाइंडिंगचं बिल देतो, वर सुटे नाहीत म्हणतो. त्याच कलमात माफीची खिडकीही ठेवलेली आहे: न्यायालयाचं समाधान होईल अशी माफी मागितली तर शिक्षा माफ होऊ शकते. आणि विसाव्या कलमात मुदत आहे, एक वर्षाची. वर्ष उलटलं की न्यायालयाला अवमानाची कारवाई सुरू करता येत नाही. हे कलम ज्यांनी केलं त्यांच्या मनात चांगलाच हेतू असणार. पण सरकारी कार्यालयाच्या हाती कुठलीही मुदत दिली की ती आधी कशी ओढता येईल हेच बघितलं जातं.

कायद्यातली खरी मेख दुसऱ्या कलमात आहे. दिवाणी अवमान म्हणजे आदेशाची हेतुपुरस्सर अवज्ञा. नुसती अवज्ञा पुरत नाही, ती जाणूनबुजून हवी. यामुळे जगात कुठे नसेल असा चमत्कार आपल्याकडच्या न्यायालयांत रोज घडतो. एरवी जे खातं जाहिरातींत गतिमान असतं, लोकाभिमुख असतं, तेच खातं प्रतिज्ञापत्रावर शपथेने सांगतं की आमच्याकडे माणसं नाहीत, फाइल या टेबलावरून त्या टेबलावर जायला तीन महिने लागतात, संबंधित लिपिक दीर्घ रजेवर होता, त्याचा कार्यभार कुणाकडे नव्हता, आणि मधे निवडणुकीचं काम लागलं. मुद्दाम केलेलं नाही, मायलॉर्ड. आमच्याकडून होतच नाही. नागरिकाने हेच चव्हाट्यावर म्हटलं असतं तर सरकारची बदनामी ठरली असती. कार्यालयाने म्हटलं की तो बचाव होतो.

आणि प्रत्येक प्रतिज्ञापत्राची सुरुवात आदराने होते. न्यायालयाविषयी माझ्या मनात सर्वोच्च आदर आहे आणि आदेशाचा भंग करण्याचा विचार मी स्वप्नातही करू शकत नाही. हे खरंच असावं. जे झालं ते सगळं ऑफिसच्या वेळेत झालेलं असतं.

असो. याचिका तयार करायला बसल्यावर वकील बाईंनी पहिला प्रश्न विचारला: ‘साहेबांचं नाव काय?’

आम्ही तिघेही गप्प. नाव कुणाला माहीत? गुरुजींचा सगळा पत्रव्यवहार पदाशी झालेला. सगळ्या पत्रांखाली सही म्हणजे एक वेलांटी आणि तिच्या खाली पदनाम. बाईंनी समजावलं की मूळ याचिका पदाविरुद्ध चालते, अवमानाची माणसाविरुद्ध. तुरुंगात खुर्ची पाठवता येत नाही. आदेश ज्या काळात पाळायचा होता, त्या काळात त्या खुर्चीत कोण बसलं होतं, त्याचं नाव हवं.

मग गुरुजींनी माहितीच्या अधिकारात अर्ज केला. उत्तर मुदतीत आलं, याचंच आम्हाला आश्चर्य वाटलं. ते आठ आठवडे सुरू झाल्यापासून हे उत्तर येईपर्यंत त्या खुर्चीने तीन माणसं पाहिली होती. पहिले बदलून गेले. दुसऱ्यांकडे तिचा अतिरिक्त कार्यभार होता, म्हणजे ते मूळ दुसऱ्याच खुर्चीत बसत आणि हिच्याकडे लांबून बघत. तिसरे आदल्याच आठवड्यात रुजू झाले होते. पहिले म्हणू शकत होते, माझ्या काळात मुदत संपलीच नव्हती. दुसरे म्हणू शकत होते, मी फक्त सह्यांपुरता होतो. तिसरे म्हणू शकत होते, मी आलो तेव्हा मुदत संपून गेली होती. तिघांचंही खरं.

‘हीच तर पद्धत आहे,’ भाऊसाहेब म्हणाले. ‘कागद पदाला आला की टेबलावर. नावाला आला की घरापर्यंत. मी नोकरीत होतो तेव्हा नावाच्या नोटिसा आम्ही वेगळ्या गठ्ठ्यात ठेवायचो. तो गठ्ठा साहेब स्वतः उघडायचे.’

भाऊसाहेबांना या विषयाचा अभिमान आहे. आपल्या राज्याने अवमानाच्या इतिहासात मोठमोठी माणसं दिली, असं ते सांगतात आणि नावं घेतात. त्यात पहिलं सुरूपसिंग नाईकांचं. नवापूरचे आमदार, राज्याचे मंत्री. वन खातं त्यांच्याकडे असताना आरागिरण्या आणि प्लायवूडच्या कारखान्यांना परवानगी दिली गेली, तीही सर्वोच्च न्यायालयाची मनाई असताना. मे २००६ मध्ये न्यायालयाने मंत्री आणि वन खात्याचे प्रधान सचिव अशोक खोत या दोघांनाही एकेक महिना कैद सुनावली. माफी मागून झाली होती. शिक्षा टाळण्यापुरती मागितलेली माफी म्हणजे माफी नव्हे, असं न्यायालयाने ठरवलं. विद्यमान मंत्र्याला राजीनामा देऊन तुरुंगात जावं लागलं. एरवी आपल्या राज्यात मंत्री राजीनाम्याने जातात, राजीनाम्यावरून राहतात, राजीनामा खिशात घेऊन फिरतात. त्याचा असा उपयोग कुणी केला नव्हता.

पण कथा तिथे संपत नाही. महिनाभराच्या कैदेतले जवळपास तीन आठवडे नाईकसाहेब प्रकृतीच्या कारणाने जे.जे. रुग्णालयात होते. यावर एका नागरिकाने माहितीच्या अधिकारात त्यांचे वैद्यकीय कागद मागितले. मंत्र्यांनी खासगीपणाचा मुद्दा काढला आणि ते भांडण मुंबई उच्च न्यायालयापर्यंत गेलं. तिथे मार्च २००७ मध्ये जो निकाल लागला, तो आजही माहिती अधिकाराच्या पुस्तकांत सापडतो. एका अवज्ञेतून दोन-दोन निवाडे निघाले. गुरुजींसारख्या माणसाला एक मिळवताना किती पेन्शन लागते, ते तुम्ही पाहताच आहात.

ज्या प्रकरणात नाईकांना शिक्षा झाली ते मूळ प्रकरण निलगिरीच्या बाजूच्या जंगलाचं. निलंबूरच्या टी. एन. गोदावर्मन तिरुमलपाद यांनी १९९५ मध्ये जंगलतोडीविरुद्ध याचिका केली. तिच्यात देशभरातली जंगलं, खाणी, गिरण्या, टेकड्या सगळं येऊन मिळालं. गोदावर्मन २०१६ मध्ये वारले. याचिका ठणठणीत आहे. आणि आपलं महाराष्ट्र शासन तिच्यात अधूनमधून पाहुणं येतं. असंच आलं ते ऑगस्ट २०२४ मध्ये. पुण्यात पाषाणला एका कुटुंबाने १९५० साली चोवीस एकर जमीन घेतली होती. १९६३ साली सरकारने ती ताब्यात घेऊन संरक्षण खात्याच्या संस्थेला दिली. कुटुंब कोर्टात भांडलं, सर्वोच्च न्यायालयापर्यंत जिंकलं. मोबदल्यात सरकारने दुसरी जमीन दिली. ती निघाली वनजमीन. म्हणजे जी देता येत नाही ती जमीन सरकारने सरकारी इतमामाने दिली.

साठ वर्षांच्या हिशेबापोटी सरकारने सदतीस कोटींच्या आसपास रक्कम देऊ केली, तेव्हा न्यायालय भडकलं. लाडकी बहीण योजनेला पैसे आहेत आणि जमीन घेतली त्याला द्यायला नाहीत काय, योजनाच थांबवायला सांगू, इथपर्यंत बोलणं गेलं. तो महिना निवडणुकीच्या तोंडावरचा. अख्ख्या मंत्रालयाला घाम फुटला असणार. त्यातच वन आणि महसूल पाहणाऱ्या अपर मुख्य सचिवांच्या प्रतिज्ञापत्रात एक वाक्य गेलं. त्याचा मथितार्थ असा की आमचा हिशेब न्यायालयाला पटेल न पटेल, पण कायद्याने वागणं हे शासनाचं कर्तव्य आहे. म्हणजे कायद्याचं आम्ही बघतो, तुम्ही तुमचं बघा! अवमानाची नोटीस निघाली, साहेब हजर झाले, माफी झाली. मला त्या वाक्याचा मसुदा करणाऱ्या कारकुनाला भेटायचं आहे. साठ वर्षं चोवीस एकरांवरून कुणाला काही वाटलं नाही, आणि एका वाक्यासाठी सचिव न्यायालयापुढे.

भाऊसाहेबांच्या यादीत बाहेरचेही लोक आहेत. कल्याणसिंहांना १९९४ साली अयोध्या प्रकरणात दिलेलं वचन मोडल्याबद्दल एक दिवस कैद आणि दोन हजार दंड झाला. तेव्हाही दोन हजारच. पाटण्यात २०२२ मध्ये एक आयएएस अधिकारी कोट न घालता, गळ्याचं बटण उघडं टाकून न्यायालयात गेले आणि सिनेमाला आलात काय अशा अर्थाचं ऐकून आले. तो व्हिडिओ आमच्या गावात वीस ग्रुपवर फिरला. अलाहाबादेत २०२३ मध्ये निवृत्त न्यायाधीशांच्याच सोयीसुविधांच्या आदेशावरून दोन वरिष्ठ अधिकाऱ्यांना कोठडीत घेतलं गेलं. शेवटी जानेवारी २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने नियमावली घालून दिली: अधिकाऱ्यांना ऊठसूट बोलावू नका, आधी व्हिडिओवरून विचारा, बोलावलंच तर दिवसभर उभं ठेवू नका, कपड्यांवर शेरे मारू नका. चांगली नियमावली आहे. साहेबाला ताटकळत ठेवू नये, त्याचा पाणउतारा करू नये, त्याला यायचं कारण आधी कळवावं. अशीच एखादी नियमावली सरकारी कार्यालयात येणाऱ्या नागरिकासाठी कुणी केली, तर आमच्या ग्रामपंचायतीतर्फे सत्कार करू.

आणि खड्डे. आमच्या चिल्हार रस्त्यावरून दुचाकी चालवणाऱ्या माणसापुढे या विषयावर तोंड उघडायची माझी प्राज्ञा नाही. पण हायकोर्टातलं खड्ड्यांचं प्रकरण सुरूच मुळात एका न्यायमूर्तींच्या पत्राने झालं. २०१३ मध्ये न्या. गौतम पटेल यांनी मुंबईच्या रस्त्यांबद्दल मुख्य न्यायमूर्तींना पत्र लिहिलं. म्हणजे या शहरात रस्त्याची तक्रार करायला न्यायमूर्तींनासुद्धा अर्ज करावा लागला. त्याची जनहित याचिका झाली, २०१८ मध्ये सविस्तर आदेश झाला. रस्ते काही सुधारले नाहीत. मग एका वकील बाईंनी अवमान याचिका केली आणि २०२३ मध्ये सहा महापालिकांचे आयुक्त हजर करण्यात आले, त्यात आमच्या जिल्ह्यातली वसई-विरारही. सहा आयुक्त एका खोलीत म्हणजे महानगर प्रदेशातले सगळे खड्डे प्रतिनिधिरूपाने हजर. ऑक्टोबर २०२५ मध्ये न्यायालयाने खड्ड्याने माणूस गेला तर वारसांना सहा लाख, जखमीला पन्नास हजार ते अडीच लाख असा भावच ठरवून दिला आणि ती रक्कम दोषी अधिकारी-कंत्राटदारांकडून वसूल करा म्हटलं. आता रस्ता कुणाचा हे ठरवायला नवी उमेद येईल. आतापर्यंत प्रत्येक खातं म्हणे की तो आमचा नाही; यापुढे ते पुराव्यानिशी म्हणेल.

पण सगळ्यांवर कडी म्हणजे हायकोर्टाची स्वतःचीच जागा. फोर्टातली इमारत १८७८ सालची. माणसं, कागद, वकील सगळं तिला पुरेनासं झालं. नव्या संकुलासाठी जागा द्या, असा आदेश हायकोर्टानेच जानेवारी २०१९ मध्ये सरकारला दिला. पाळला गेला नाही. मग अवमान याचिका आली. म्हणजे ज्या न्यायालयाच्या आदेशाचा अवमान, त्याच न्यायालयात, त्याच न्यायालयाच्या घरासाठी. अखेर सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये स्वतःहून लक्ष घातलं, वांद्र्याच्या सरकारी वसाहतीतली तीस एकर जागा टप्प्याटप्प्याने मोकळी होऊ लागली आणि त्या सप्टेंबरात पायाभरणी झाली. गुरुजींना मी हे सांगितलं तेव्हा त्यांचा चेहरा एकदम खुलला. ‘म्हणजे आपलं फार उशिरा नाही,’ ते म्हणाले.

जुन्या इमारतीत एका खांबावर दगडात कोरलेलं माकड आहे. हातात न्यायाचा तराजू, एका डोळ्यावर पट्टी. दुसरीकडे वकिलाचा गळपट्टा घातलेला कोल्हा. बांधकामातल्या एका पारशी उपकंत्राटदाराने मोठ्या कंत्राटदाराविरुद्ध दावा हरल्यावर हे कोरून घेतलं, अशी आख्यायिका आहे. दीडशे वर्षं होत आली, न्यायालयाच्या छपराखाली न्यायालयाचा हा सचित्र अवमान उभा आहे आणि कुणी नोटीस काढलेली नाही. याचिकेच्या कामाला गेलो तेव्हा गुरुजी त्या खांबाकडे बराच वेळ बघत राहिले. मग हळूच म्हणाले, ‘याचं नाव माहीत नसणार.’

तर, नोटीस. गुरुजींच्या प्रकरणात ती तिघांच्याही नावे निघाली आणि नोटीस बजावल्यापासून चौथ्या दिवशी, रविवारी सकाळी, कार्यालयातला एक लिपिक मोटारसायकलवरून बेटेगावात आला. पत्ता विचारत विचारत नाही, थेट. इतकी वर्षं गुरुजींचा पत्ता अपूर्ण होता. पोरगा ओट्यावर बसला, चहा घेतला, गुरुजींच्या गुडघ्यांची चौकशी केली. मग प्लॅस्टिकच्या फोल्डरमधून सेवापुस्तक काढलं. हे तेच सेवापुस्तक, जे सापडत नाही म्हणून पहिली चार वर्षं गेली होती.

‘कुठे सापडलं?’ गुरुजींनी विचारलं.

‘कपाटावर होतं, सर.’

‘आधी कुठे होतं?’

‘कपाटावरच.’

मग त्याने एक टाइप केलेला कागद पुढे केला. लाभ मिळण्याची प्रक्रिया समाधानकारकरीत्या सुरू असून माझी काही तक्रार नाही, याखाली गुरुजींनी सही करायची. गुरुजींनी चष्मा लावला, कागद दोनदा वाचला, खिशातून लाल पेन काढून ‘समाधानकारकरीत्या’मधली ऱ्हस्व-दीर्घाची चूक दुरुस्त केली आणि कागद सही न करता परत दिला. पोराने भाऊसाहेबांकडे आशेने पाहिलं. भाऊसाहेब म्हणाले, ‘अरे, सुनावणी कधी आहे?’ ‘गुरुवारी.’ ‘मग बुधवारी पैसे जमा होतील. जा घरी.’

बुधवारी संध्याकाळी पाच वाजून काही मिनिटांनी गुरुजींचा मोबाइल वाजला. बँकेचा मेसेज. सगळी रक्कम, फरकासकट. वित्त विभागाची सहमती, विधीचा अभिप्राय, सक्षम प्राधिकाऱ्याची मान्यता, सगळं चार दिवसांत. त्यात एक दिवस रविवार होता.

तरी गुरुवारी जावं लागलंच. पहाटेची डहाणू लोकल, चर्चगेटहून चालत हायकोर्ट. साहेब आधीच येऊन बसले होते. तिसरे, शेवटी रुजू झालेले तेच. मे महिन्यात काळा ब्लेझर, गळ्यापर्यंत बटणं. पाटण्याचा व्हिडिओ त्यांनीही पाहिला असणार. हातात लाल फितीची फाइल, आणि दर दोन मिनिटांनी ते सरकारी वकिलांच्या कानाशी जात. सरकारी वकील बाई दर वेळी मान हलवत आणि पुढच्या फाइलीत बघत. आमचा नंबर दुपारनंतर लागला. पुकारा झाला, साहेब उभे राहिले, सरकारी वकिलांनी आदेशाचं पालन झाल्याचं आणि बिनशर्त माफी मागत असल्याचं सांगितलं, आमच्या बाईंनी दुजोरा दिला. प्रकरण निकाली. इतक्या वर्षांचा निकाल इतक्या कमी वेळात लागला की गुरुजी उठून उभे राहीपर्यंत पुढच्या प्रकरणाचा पुकारा झाला होता.

परतीच्या डहाणू लोकलमध्ये साहेब आमच्याच डब्यात निघाले. सरकारी गाडी कुणाच्या तरी दौऱ्याला गेली होती म्हणे. विरारला गर्दी उतरली, गुरुजींच्या शेजारी जागा झाली आणि दुसरीकडे कुठे नव्हती म्हणून साहेब तिथेच बसले. वैतरणा गेलं, सफाळे गेलं, दोघेही खिडकीबाहेर बघत होते. केळवे रोडला साहेबांनी ब्लेझर काढून मांडीवर घेतला.

‘गुरुजी, राग नाही ना?’

‘छे हो साहेब. तुमचा काय दोष? तुम्ही तर आत्ताच आलात.’

‘आत्ताच आलो आणि मार्चअखेर चाललो. रिटायर होतोय.’ मग जरा आवाज खाली आणून म्हणाले, ‘माझ्याही दोन वेतनवाढींची फाइल अडकलीय वरती. तीनदा लिहिलं. उत्तर नाही. आता खुर्चीत आहे तोवर फोन तरी उचलतात.’

गुरुजींनी काही न बोलता वकील बाईंचं कार्ड काढून दिलं. साहेबांनी नंबर मोबाइलमध्ये घातला. पालघर आलं, ते उठले, दारापर्यंत गेले आणि गर्दीतून मागे वळून विचारलं, ‘फी एकदाच घेतात, की अवमानाची वेगळी?’